बूट कडेला, पोरगी मैदानात

माझ्याकडे आलेल्या प्रत्येक पोराला मी बसायला सांगायच्या आधी एकच प्रश्न विचारतो. "मैदानावर तिथल्या तिथं हरकत घेतलीस का रे?"

पोरगा मान खाली घालतो. बरोबर आलेला मामा किंवा चुलता मग त्याच्या वतीनं बोलतो, "आवं साहेब, खाकीवाल्याला तिथं कोन उलटं बोलनार? पोराला उद्या त्यांच्याच हाताखाली राबायचं हाय." झालं! माझी निम्मी केस तिथंच पडते. न्यायाधिकरणासमोर सरकारी वकील उभे राहतात आणि शांतपणे विचारतात, अन्याय झाला होता तर तेव्हा हे महाशय गप्प का होते? आता त्यांना काय सांगू, की आमच्याकडं बापासमोर नि खाकीसमोर आवाज चढवायची पद्धत नाही म्हणून?

साताऱ्यात कोर्टामागच्या बोळात माझं ऑफिस आहे. वाटण्या केल्या, पोटगी केली, न वटलेले धनादेश केले. पण लोक ओळखतात ते 'भरतीचा वकील' म्हणून. पोलीस भरतीत डावललेली पोरं माझ्याकडे येतात. सातारा-सांगलीचा सगळा पट्टाच असा, की पहाटे कुठल्याही रस्त्याला गाडी घाला, कडेनं पोरं पळताना दिसतातच. आता पोरीही पळतात, आणि पोरांपेक्षा जास्त नेमानं पळतात.

ज्यांना यातलं काही ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. भरती म्हणजे आधी मैदान. तिथं उंची-छाती मोजतात, पळायला लावतात, गोळा फेकायला लावतात. मग लेखी परीक्षा, मग दोन्हींची बेरीज आणि यादी. यादीच्या तळाला ज्याचं नाव लागलं त्याच्या घरी पेढे, आणि त्याच्या खाली जो राहिला त्याच्या घरी सुतक. या दोघांच्या मधल्या चिंचोळ्या फटीत माझं सगळं आयुष्य गेलं.

मला स्वतःला वकील व्हायचंच नव्हतं. वडील हवालदार होते. कांजी केलेली त्यांची खाकी अंगणात दोरीवर वाळत असायची आणि आम्हा भावंडांना त्या दोरीखालून जायची बंदी होती. मी लांब उभा राहून तिच्याकडं बघत बसायचो. वयात आल्यावर भरतीला उभा राहिलो आणि उंचीत अर्ध्या बोटानं कमी भरलो. त्या दिवशी वडील त्याच मैदानाच्या फाटकावर बंदोबस्ताला होते. पट्टी वाकडी धरली होती असं मला वाटलं, अजूनही वाटतं, पण मी बोललो नाही आणि वडीलही बोलले नाहीत. घरी परत जाताना सायकल हातात धरून ते एवढंच म्हणाले, "वकिली कर. तिथं उंची मोजत नाहीत." या वयातही संचलन दिसलं की मी रस्त्याच्या कडेला थांबतो. दुसऱ्याच्या पोरांना खाकी मिळवून देण्यात मी इतकी वर्षं का घालवली, याचं खरं उत्तर तेवढंच आहे.

गिऱ्हाइकं एकेक नमुनेदार भेटली. जत भागातला एक पोरगा होता, केसानं उंची कमी भरलेला. झोपून उठल्यावर माणूस जरा उंच असतो आणि दिवसभर उभं राहिलं की दबतो, असं आमच्याकडची सगळी भरतीची पोरं मानतात, आणि त्यात तथ्यही आहे. म्हणून हा गडी रात्रभर आडवा राहिलाच, शिवाय सकाळी टेम्पोत गादी टाकून मैदानापर्यंत आडवाच आला. मित्रांनी उचलून फाटकाशी उभा केला. पण त्याचा नंबर लागायला दुपार झाली. तोवर उन्हात उभा राहून बिचारा दबला की! माझ्या समोर बसून म्हणतो, "सर, सकाळचा मी बसतोय. दुपारचा मी न्हाई बसत. सरकारनं कुठला मी धरायचा ते कोर्टानं सांगावं." मी इतकी कायद्याची पुस्तकं वाचली, पण असा नेमका मुद्दा कुणी काढला नव्हता. दवाखान्यात सकाळच्या वेळी फेरमोजणीची विनंती केली, ती मान्य झाली, आणि तो बसला. आता एका नाक्यावर उभा असतो. मागे मला हेल्मेट नसल्याबद्दल त्यानं दंड केला. "सर, नियम सगळ्यांना सारखा," असं वर हसून म्हणाला.

पण लोक विचारतात, सगळ्यात लक्षात राहिलेली केस कोणती, तेव्हा मला तो टेम्पोवाला आठवत नाही. रेणुका आठवते.

रेणुका माणदेशातल्या एका धनगरवाडीवरची. नाव मी बदललंय. मैदान कोणत्या जिल्ह्याचं होतं तेही सांगणार नाही, कारण तिथल्या कुणाचंही वाईट चिंतावं असं काही घडलं नव्हतं. ती एकटीच एसटीनं आली होती. "आप्पा मेंढरं घिऊन खाली गेल्यात, म्हनून मीच आले," म्हणाली. माझा ठरलेला प्रश्न मी विचारला.

"हरकत घेतलीस का?"

"घितली की. लिहून दिली, पोच बी घितली."

मी उठून चहा सांगितला. असं अशील जन्मात एखादंच येतं.

तिची तक्रार अशी होती: आठशे मीटरच्या शर्यतीत ती तिच्या तुकडीत पहिली आली, आणि यंत्रानं मात्र ती पळालीच नाही असं दाखवलं. धावण्याचे गुण शून्य. आता पळण्याची वेळ माणूस मोजत नाही. उमेदवाराला एक छोटी चिप देतात, सुरुवातीच्या आणि शेवटच्या रेषेवर यंत्र ती टिपतं आणि वेळ आपोआप लागते. वशिला, हातचलाखी काही नको म्हणून ही सोय केलेली आहे आणि चांगली आहे. मी विचारलं, "मग चिप बिघडली होती का?"

"न्हाई सर. चिप चांगली हुती."

"मग होती कुठं?"

"बुटाला."

"आणि बूट?"

"कडंला, लाइनीच्या भाईर."

"आणि तू?"

"मी मैदानात."

मला हसू आवरेना. ती हसली नाही, तेव्हा माझंही हसू गेलं.

मग तिनं नीट सांगितलं. ते बूट तिनं भरतीसाठी म्हणून घेतले होते, आयुष्यातले पहिले. सराव सगळा औंधच्या डोंगराच्या वाटेवर, यमाईच्या देवळाला जायच्या रस्त्यानं, अनवाणी. त्यांच्याकडे खळ्यात, तालमीत, जिथं माती मानायची असते तिथं पायताण काढूनच जातात. चुन्याची आखलेली ती रेषा बघून तिचे हात आपसूक बुटाच्या नाडीकडे गेले.

"अगं, पण चिप बांधली होती ना त्याला? कशासाठी बांधलीय असं वाटलं तुला?"

"आवं, देवळाभाईर चपला ठिवल्या की बिल्ला देत्यात न्हवं? तसाच बिल्ला वाटला मला. बूट बदलू नयेत म्हनून. त्यात त्या बांधनाऱ्या साहेबांनी सांगितल्यालं, 'हे हरवलंस तर बाद.' म्हनून मी बूट ओढनीत गुंडाळून जपून ठिवलं, सर."

कर्ण्यावरून सूचना दिल्या होत्या. पण कर्णा खरखरत होता, आणि आपल्याला पळायचंय एवढंच तिच्या डोक्यात होतं. मैदानावरच्या कुणी पायांकडं पाहिलं नाही, कारण अनवाणी पळायला बंदी नव्हती आणि अनवाणी पळणाऱ्यांच्या घोट्याला चिप बांधतात. तिची बांधली तेव्हा पायांत बूट होते. दोष द्यायचा तर कुणाला द्यायचा?

"पुढच्या भरतीला ये की," मी म्हणालो.

"पुढच्या भरतीला माझं वय बसत न्हाई सर. हीच शेवटची."

मैदानातल्या बाकीच्या गुणांवर ती कशीबशी लेखीपर्यंत पोचली होती, आणि लेखीत तिला चांगले गुण होते. धावण्याचे हक्काचे गुण मिळाले असते तर ती यादीत आली असती. मी केस घेतली.

आता या धंद्यातला एक निर्दय नियम सांगतो. जागा मोजक्या असतात, म्हणून तुम्ही आत यायचं तर आधी आत असलेल्या कुणाला तरी बाहेर काढावं लागतं, आणि त्या माणसाला केसमध्ये सामील करून नोटीस द्यावी लागते. त्याचं ऐकल्याशिवाय निकाल देता येत नाही. नियम बरोबर आहे. पण लढाई सरकारशी आहे असं समजून आलेल्या पोरापुढं मी दुसऱ्याच कुठल्या तरी गावातलं दुसरं पोर आणून उभं करतो, आणि मला ते कधीच सोसलेलं नाही.

मुलींच्या यादीत तळाला नाव होतं शबनमचं. मलकापूरची. वडील इस्माईलभाई, गाद्या भरायचं दुकान. नोटीस मिळाल्याबरोबर बापलेक थेट माझ्याच दारात. इस्माईलभाईंच्या भुवयांवर कापूस बसलेला होता, तसेच उठून आले असावेत.

"वकीलसाहेब, सरकारनं चूक केली आसंल तर सरकारला धरा. माझ्या पोरीनं काय केलं? आमच्या सगळ्या भावकीत वर्दी घालनारी ही पहिली. गल्लीनं पेढे खाल्ल्यात आमच्या घरचे."

मी समजावलं, की तिची चूक काहीच नाही, कायद्यानं नाव घालावं लागतं, आणि मी समोरच्या बाजूचा वकील आहे तेव्हा माझ्याशी बोलू नका, तुमचा वेगळा वकील करा. ते ऐकून इस्माईलभाई उठले. पोरगी मात्र उंबऱ्याजवळ उभीच राहिली.

"ती म्हंजी उघड्या पायांची हुती ती का?" तिनं विचारलं.

"गप गं," बाप म्हणाला.

"न्हाई अब्बा, मी तिच्याच मागं हुते. सगळ्या शर्यतीत मला तिचं तळपायच दिसत हुतं."

मी म्हणालो, "बाळ, हे मला सांगू नकोस. तुझ्या वकिलाला सांग." दोघं गेली. त्यानंतर कितीतरी वेळ मला समोरच्या कागदातलं एक अक्षर लागलं नाही.

तिनं खरंच तिच्या वकिलाला सांगितलं, आणि त्यानं डोक्याला हात लावला. नोकरी वाचवायला वकील करायचा आणि त्याच्याकडून समोरच्या बाजूचंच लिहून घ्यायचं! तरी तिनं शपथेवर लिहून दिलं: माझ्यापुढे एक अनवाणी मुलगी होती, ती शेवटपर्यंत पुढेच होती. त्याच कागदात खाली इस्माईलभाईंच्या सांगण्यावरून असंही होतं, की माझी निवड नियमाप्रमाणे झाली आहे, ती रद्द करू नये. दोन्ही गोष्टी खऱ्याच होत्या.

न्यायाधिकरणापुढं मैदानाचं चित्रीकरण लावलं. धुळीत पळणारा पोरींचा घोळका, सगळ्यात पुढं एक किडकिडीत पोरगी, आणि रेषेबाहेर ओढणीचं बोचकं. सरकारी वकील म्हणाले, ती पळाली हे दिसतंय, नाही कोण म्हणतं? पण वेळ यंत्रानंच मोजायची हा नियम सगळ्यांना सारखा आहे. आज हिच्यासाठी वाकवला तर उद्या वशिल्याच्या पोरांसाठी वाकवायचा का? मी त्यांच्या जागी असतो तर अगदी हेच बोललो असतो, आणि वडील असते तर त्यांनी मान डोलावली असती.

आदेश लागला तो मधला. शेवटची एक जागा रोखून धरायची. रेणुकाला एकदा, एकटीला, त्याच मैदानावर पळवायचं, चिप अधिकाऱ्यांनी स्वतः बांधायची. यादीत यायला लागणारी वेळ बसली तर जागा तिची. नाही बसली तर अर्ज निकाली आणि जागा शबनमची. मी फोन केला तेव्हा रेणुका माळावर होती. मागं मेंढरं ओरडत होती. "मी लय खुश हाय सर," म्हणाली. इतक्या वर्षांत आदेश ऐकून कुणी मला असं सरळ सांगितलं नव्हतं.

पळायच्या दिवशी मी गेलो. वकिलाचं तिथं काही काम नसतं, पण गेलो. एरवी हजारो पोरांनी गजबजणारं ते मैदान, त्या दिवशी ओकंबोकं. एक निरीक्षक, दोन शिपाई, यंत्रावर एक माणूस. पलीकडं लिंबाच्या सावलीत इस्माईलभाई आणि शबनम. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं. घरी बसवेना म्हणून आले असतील.

रेणुका बूट घालून आली होती. नाडीला गाठीवर गाठ मारलेली. निरीक्षक भला माणूस. तो म्हणाला, "अनवाणी पळणार असशील तर घोट्याला बांधतो." मीही पुढं होऊन सांगितलं, "रेणुका, ऐक. आदेशात बुटाचं नावसुद्धा नाही. काढ ते आणि तुझं तू पळ."

"नगं सर. बुटालाच बांदा. आता चुकायचं न्हाई मला." तिनं नाडी पुन्हा ओढून बघितली.

"अगं, यात चूक नाही..."

"तवाबी मला वाटलं हुतं चूक न्हाई."

मी दोरीमागं सरलो. तिनं वाकून मातीला हात लावला, तो कपाळाला लावला, आणि बुटांसकट रेषेवर उभी राहिली.

शिट्टी झाली. सुरुवात चांगली झाली. पण त्या रिकाम्या मैदानात बुटांचा आवाज फार मोठा येत होता, आणि तो तिचा वाटत नव्हता. पुढं कुणी नाही, मागं कुणी नाही. मधेच ती पायाकडं बघायची, चिप आहे ना म्हणून. पळताना कुणी खाली बघतं का? दुसऱ्या फेरीत तिचा एक पाय लंगडायला लागला. तेव्हा लिंबाखालून शबनम उठली, दोरीपर्यंत आली आणि ओरडली, "पळ गं, पळ! खाली बघू नगंस!" इस्माईलभाईंनी तिला मागं ओढलं नाही. ते जमिनीकडं बघत बसले होते.

रेणुका आली. निरीक्षकानं यंत्राकडं पाहिलं, यंत्रावरच्या माणसाला पुन्हा बघायला लावलं, आणि हळू आवाजात म्हणाला, "थोडक्यात गेलं."

ती तिथंच मातीत बसली आणि बूट काढले. दोन्ही टाचा सोलल्या होत्या. रडली नाही. मला मात्र भरून आलं, आणि कोणासाठी ते नक्की सांगता येत नाही. तिच्यासाठी आलंच, पण फाटकाशी गप्प उभा असलेला एक हवालदारही त्या दिवशी मला सारखा दिसत होता.

थोड्या वेळानं इस्माईलभाई डबा घेऊन आले. जागा त्यांच्या पोरीची झाली होती, पण त्यांना मान वर करवत नव्हती. "पोरी, सकाळपास्नं उपाशी असशील. दोन घास खा," म्हणाले. शबनम शेजारी बसली, रेणुकाच्या टाचा तिनं पाण्यानं धुतल्या. दोघी एकाच डब्यात जेवल्या. मलाही त्यांनी एक घास दिला.

शबनम आज पोलिसात आहे. चांगलं काम करते असं ऐकतो. रेणुका औंधला असते. डोंगराच्या पायथ्याला एक पडीक वावर मिळवून तिथं आसपासच्या गावांतल्या पोरींना भरतीसाठी तयार करते. तिच्याकडच्या पोरी दरवेळी लागतात. सुट्टी असली की शबनमही तिकडं जाते.

गेल्या महिन्यात बायकोला घेऊन यमाईला गेलो होतो. बायको म्हणाली, तुमच्या त्या पोरीला भेटू. पायथ्याला वीस-पंचवीस पोरी उभ्या होत्या, काही बुटांत, काही अनवाणी. रेणुका एकेकीपाशी वाकून घोट्याला दोऱ्यानं प्लास्टिकचा तुकडा बांधत होती. मला बघून हसली. "सवय लागाया पायजे सर. आनि अनवानी पळायचं आसंल तर खुशाल पळा म्हनते मी. फकस्त इचारून घ्या. लाजायचं न्हाई, हरकत घ्यायची."

पोरींचं झाल्यावर ती म्हणाली, "सर, हातात घड्याळ हाय न्हवं? आठशे मीटरला लावा जरा." चपला काढून तिनं माझ्या पायाशी ठेवल्या. "सांभाळा हां. हरवल्या तर तुमी बाद."

मातीला हात लावून ती निघाली. चुन्यानं आखलेल्या त्या वावरात ती पळत होती, आणि पावलांचा आवाजसुद्धा येत नव्हता. पोरी ओरडायच्या थांबून नुसत्या बघत राहिल्या. माझ्या बायकोनं माझा दंड कधी धरला, मला कळलं नाही.

ती रेषेवर आली तेव्हा मी घड्याळ बघितलं. वेळ बसली होती, आणि वर शिल्लक राहिली होती. मी ते तिच्यापुढं धरलं. म्हणालो, "रेणुका, बसलं गं."

ती कमरेवर हात ठेवून धापा टाकत होती. चपलांत पाय सरकवत म्हणाली, "मला म्हाईत हाय सर. शून्य लागलं तवाबी म्हाईत हुतं."